गावच्या कुळाचा निकाल मुंबईत उशिरा कळला, तर अपील कसं करायचं

गणपतीला गावी गेल्यावर सहज सातबारा काढावा आणि उताऱ्यावरून आपल्या आज्याचं नाव गायब असावं, किंवा 'इतर हक्कां'त भलत्याचंच नाव कूळ (दुसऱ्याची जमीन खंडाने कसणारा) म्हणून लागलेलं दिसावं. लालबाग-परळपासून विरार-बदलापूरपर्यंत पसरलेल्या कोकणी घरांत कुळाची भांडणं बहुतेकदा अशीच उघडकीला येतात. तहसीलदारांचा हुकूम होऊन सहा-आठ महिने, कधी कधी वर्षं उलटलेली असतात. मग पहिला सल्ला मिळतो तो 'आता मुदत गेली, सोडून द्या' असा, आणि दुसरा 'नोटीसच नाही मिळाली ना, मग हुकूम आपोआप रद्द' असा. दोन्ही चूक. उशीर का झाला आणि सुनावणी नीट झाली का, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. ते वेगळे मांडता आले, तर मुदतीबाहेरचं अपीलही ऐकलं जातं.

हा लेख महाराष्ट्र कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९४८ याबद्दल आहे. कोकण आणि पश्चिम महाराष्ट्राला हाच कायदा लागतो. विदर्भाचा कायदा १९५८चा आणि मराठवाड्याचा १९५०चा, ते वेगळे. गाव तिकडे असेल तर इथले कलम क्रमांक जसेच्या तसे उचलू नका.

आधी हुकूम शोधा, मग फेरफार

सातबाऱ्यावर बदललेल्या नावाशेजारी फेरफार क्रमांक असतो. तो फेरफार, म्हणजे गाव नमुना ६ मधली नोंद, काढा. त्यात साधारण 'तहसीलदार व शेतजमीन न्यायाधिकरण यांचेकडील आदेश क्रमांक अमुक, दिनांक तमुक अन्वये' असं वाक्य सापडतं. तुमचं भांडण त्या आदेशाशी आहे. फेरफार फक्त त्याची नोंद.

बरेच जण इथेच फसतात. फेरफाराविरुद्ध जमीन महसूल संहितेच्या कलम २४७खाली प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अपील करतात आणि दोन वर्षांनी उत्तर मिळतं की मूळ आदेश कायम असताना नोंद रद्द करता येत नाही. कुळकायद्याखालच्या आदेशाविरुद्ध अपील कुळकायद्याच्याच कलम ७४खाली होतं. ते कायद्याने जिल्हाधिकाऱ्यांकडे, आणि प्रत्यक्षात उपविभागीय अधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी ऐकतात. दुसरी चुकीची वाट म्हणजे थेट दिवाणी दावा. कूळ आहे की नाही हे ठरवायचा अधिकार कलम ८५ने दिवाणी न्यायालयाकडून काढून घेतला आहे. दाव्यात तो मुद्दा निघालाच, तर कलम ८५-अप्रमाणे तो तहसीलदारांकडे पाठवावा लागतो.

आदेश कुठल्या कलमाचा आहे तेही पाहा. ७०(ब) असेल तर 'अमुक इसम कूळ आहे की नाही' एवढं ठरलंय. ३२ ग असेल तर कुळाने जमिनीची किती किंमत द्यायची ते. त्यानंतर मिळतं ते ३२ म चं प्रमाणपत्र, आणि खरेदी झाल्याचा तो निर्णायक पुरावा मानला जातो. म्हणून ३२ म निघालं असेल तर त्याच्या मुळाशी असलेल्या आदेशाला हात घातल्याशिवाय काही हलत नाही.

जमीन मुंबईतच, म्हणजे गोराई-मनोरी-एरंगळकडे असेल, तर प्रकरण उपनगर जिल्ह्याच्या बोरीवली, अंधेरी किंवा कुर्ला तहसिलीत आणि पुढे वांद्रे पूर्वेच्या जिल्हाधिकारी कार्यालयाकडे जातं. तिथे एक वेगळा पेच आहे. कलम ४३-सीमुळे बृहन्मुंबई महापालिकेच्या हद्दीतल्या जमिनींना कुळाने सक्तीने खरेदी करायची योजना सरसकट लागू होत नाही, पण कुळाचे आधी मिळालेले हक्क राखून ठेवलेले आहेत. गाव पालिकेच्या हद्दीत कधी आलं, ही तारीख तिथे कळीची ठरते.

संचिका बघितल्याशिवाय अर्ज लिहू नका

आदेशाची नक्कल मागताना त्याच अर्जात रोजनामा (प्रत्येक तारखेला काय झालं त्याची नोंद), सगळ्या नोटिसा, त्यांच्या बजावणीचे अहवाल आणि जबाब यांच्याही नकला मागा. नुसत्या आदेशावर वकील गाठायची घाई नको. 'प्रतिवादी गैरहजर, सबब एकतर्फी' हे आदेशात एका ओळीत असतं. तो गैरहजर का होता, ते फक्त रोजनामा आणि नोटिशीची मागची बाजू सांगते.

ती मागची बाजू नीट वाचा. कोतवालाने किंवा तलाठ्याने तिथे काहीतरी खरडलेलं असतं: 'सदर इसम मुंबईस राहतो, घर बंद, सबब दरवाजास चिकटविली', आणि खाली दोन पंचांच्या सह्या. तुमचं अर्धं प्रकरण या एका ओळीत असतं. माणूस मुंबईला राहतो हे कार्यालयाला माहीत होतं, मग मुंबईच्या पत्त्यावर रजिस्टर पोस्टाने नोटीस का गेली नाही? पंच कोण? समोरच्या पक्षाचेच भाऊबंद आहेत का? नोटीस कोणाच्या नावाने निघाली? १९९५ साली वारलेल्या आज्याच्या नावाने निघाली असेल, तर वारसांना पक्षकार न करता मेलेल्या माणसाविरुद्ध झालेला हुकूम टिकवणं समोरच्याला फार जड जातं. मृत्यूचा दाखला आणि वारस नोंदीचा फेरफार जोडायचा.

३२ ग च्या चौकशीत तर कायदा स्पष्ट आहे. गावात जाहीर नोटीस लावायची, आणि शिवाय कूळ व जमीनमालक यांना प्रत्येकी वेगळी नोटीस द्यायची. चावडीवर लावलेली जाहीर नोटीस दाखवून व्यक्तिगत नोटीस टळत नाही. शिवाय कुळाच्या गैरहजेरीमुळे खरेदी बेअसर ठरवणारा आदेश झाला असेल, तर तो कळवल्यापासून ६० दिवसांत त्याच न्यायाधिकरणाकडे फेरविचार मागता येतो. आदेश कधी कळवलाच नसेल, तर हा दरवाजा अपिलापेक्षा जवळचा. वकिलांनाही याची आठवण करून द्यावी लागते.

आता कटू भाग. संचिकेत तुमच्या आज्याचा जबाब निघाला, खाली त्याचा अंगठा आणि कुळाने हप्ता भरल्याच्या पावत्या निघाल्या, तर 'नोटीस मिळाली नाही' हा मुद्दा तिथेच संपतो. अशा संचिकेवर तो रेटणाऱ्याचं बाकीचं खरंही मग कोणी ऐकत नाही. पन्नास-साठ वर्षांपूर्वीचं ३२ ग प्रकरण केवळ आज जमिनीला भाव आला म्हणून उघडायला निघालेले खूप आहेत. सातबाऱ्यावर इतकी वर्षं कुळाचं नाव मालक म्हणून होतं आणि तुम्ही दर मे महिन्यात गावी जात होता, हे समोरचा वकील पहिल्याच तारखेला काढतो.

याला एक मोठा अपवाद आहे. १९५७ साली मालकीण विधवा असेल, किंवा मालक अल्पवयीन अथवा अपंग असेल, तर कुळाचा खरेदीचा हक्क १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनाला (ज्या दिवशी कूळ कसत्या जमिनीचं खरेदीदार मानलं गेलं) लागू न होता कलम ३२ फ प्रमाणे पुढे ढकलला जातो आणि नंतर ठराविक मुदतीत कुळाने तशी सूचना द्यायची असते. कितीतरी कुळांनी ती दिली नाही, कारण मालकीण वारल्याचंच त्यांना कळलं नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये वसंत गणपत पडवे विरुद्ध अनंत महादेव सावंत या प्रकरणात कुळाची बाजू घेतली: विधवेच्या वारसांनी कुळाला कळवायला हवं, न कळवता त्याचा हक्क बुडाला असं म्हणता येणार नाही. तुमचं घर कुळाच्या बाजूचं असेल आणि ३२ फ वर हरलं असेल, तर हा निकाल वकिलांना जरूर दाखवा.

दिवस मोजणं

कलम ७९प्रमाणे अपील आणि पुनरीक्षण (अपिलाच्या निकालाची वर मागायची फेरतपासणी) दोन्हींना ६० दिवस, आणि तेही आदेशाच्या तारखेपासून. त्याच कलमाने मुदत कायद्याची ४, ५, १२ आणि १४ ही कलमं इथे आणली आहेत. कलम ४ म्हणजे शेवटचा दिवस सुट्टीचा असेल तर कार्यालय उघडेल त्या दिवशी चालतं. कलम १२ने आदेशाचा दिवस आणि नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा होतात. नकलेच्या शेवटी तीन तारखा असतात: अर्ज केल्याची, नक्कल तयार झाल्याची, दिल्याची. तयार झालेली नक्कल तुम्ही महिनाभर उचलली नसेल, तर तो महिना तुमच्या खात्यात. आणि मुदत संपल्यावर नकलेचा अर्ज केला असेल, तर ते दिवस आपोआप वजा होतील असं धरू नका. ते विलंबाच्या कारणात लिहा.

समजा, आदेश १० जानेवारी २०२५चा. साठावा दिवस ११ मार्च. तुम्हाला कळलं २९ ऑगस्टला, अपील दाखल झालं १४ ऑक्टोबरला. विलंब २१७ दिवस. 'मला २९ ऑगस्टला कळलं, तिथून माझी मुदत सुरू' असं म्हणायला आधार आहे. राजा हरिश्चंद्र राज सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये भूसंपादनाच्या निवाड्याबाबत म्हटलं होतं की तारीख म्हणजे पक्षकाराला तो कळवल्याची किंवा कळल्याची तारीख. तो मुद्दा घ्या, पण त्यावर विसंबून विलंब माफीचा अर्ज टाळू नका. 'माझ्या मते अपील मुदतीत आहे, तसं नसल्यास २१७ दिवसांचा विलंब माफ व्हावा' असं दोन्ही लिहा.

आधी चुकून दिवाणी दावा किंवा फेरफाराचं अपील चालवलं असेल, तर कलम १४ उपयोगी पडतं. चुकीच्या ठिकाणी प्रामाणिकपणे आणि चिकाटीने घालवलेला काळ त्याने वजा होतो. त्या दाव्याच्या सगळ्या तारखांचा रोजनामा जोडा. चिकाटी त्यातूनच दिसते. आदेश करोनाच्या काळातला असेल, तर १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयानेच मुदतीतून वगळलेला आहे.

विलंब माफीचा अर्ज

हा मुदत कायद्याच्या कलम ५खालचा स्वतंत्र अर्ज, सोबत प्रतिज्ञापत्र. अपिलाच्या मेमोतच शेवटी दोन ओळी घालून मोकळं होणारे असतात आणि सहा महिन्यांनी 'विलंब माफीचा अर्ज नाही' म्हणून अपील बाहेर पडतं.

अर्जात जे हमखास लिहिलेलं सापडतं ते असं: 'अर्जदार अशिक्षित, गरीब व अज्ञानी असून कामानिमित्त मुंबईस राहतो, कायद्याची माहिती नसल्याने विलंब झाला.' ही सगळी कारणं खरी असतील, पण यात एकही तारीख नाही. त्याऐवजी असं काही हवं:

'अर्जदार १९८८ पासून मुंबईत राहतो. रेशनकार्ड व वीजबिल जोडले आहे. मूळ अर्जातील नोटीस अर्जदाराच्या गावच्या बंद घरावर चिकटविल्याचा अहवाल आहे, मुंबईच्या पत्त्यावर नोटीस पाठविलेली नाही. दि. २९ ऑगस्ट २०२५ रोजी सातबारा काढला असता आदेशाची माहिती प्रथम झाली. दि. ३ सप्टेंबर रोजी नकलेचा अर्ज केला, दि. २४ सप्टेंबर रोजी नक्कल मिळाली. त्यानंतर मयत आजोबांचा मृत्यूचा दाखला मिळविण्यास दि. ८ ऑक्टोबरपर्यंत कालावधी लागला. दि. १४ ऑक्टोबर रोजी अपील दाखल केले आहे.'

प्रत्येक तारखेला एक कागद. जिथे कागद नाही तिथे माणूस: ज्या शेजाऱ्याने कळवलं त्याचं प्रतिज्ञापत्र. आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद त्याच काळाचे असावेत. अपील करायच्या आदल्या दिवशी आणलेला 'विश्रांतीची गरज होती' असा दाखला पाहून अधिकारी हसतात.

न्यायालयं याकडे कसं बघतात? काटीजी प्रकरणात (१९८७) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की उशिरा येण्यात पक्षकाराचा काही फायदा नसतो आणि 'रोजच्या रोज खुलासा द्या' हे अक्षरशः घ्यायचं नाही. तिथे उशीर होता फक्त चार दिवसांचा आणि उशिरा आलेलं होतं सरकार. एन. बालकृष्णन प्रकरणात (१९९८) ८८३ दिवस माफ झाले, कारण चूक वकिलाची होती आणि पक्षकाराने ग्राहक न्यायालयात जाऊन त्या वकिलाकडून भरपाईही मिळवली होती. दिवस किती यापेक्षा खुलासा पटतो का, हे तिथे महत्त्वाचं ठरलं. उलट २०१२ मध्ये टपाल खात्याला ४२७ दिवसांसाठी परत पाठवलं गेलं: फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती, हा खुलासा चालणार नाही. रामलाल प्रकरण (१९६२) लक्षात ठेवा. पहिले ६० दिवस का वापरले नाहीत याचा हिशेब द्यायचा नसतो, द्यायचा असतो तो मुदत संपल्यानंतरच्या दिवसांचा. मात्र कळल्यापासून दाखल करेपर्यंतचा काळ सगळ्यात बारकाईने पाहिला जातो. गणपतीत कळलं आणि अपील शिमग्यानंतर, असं असेल तर आधीचे सगळे महिने माफ होऊनही हेच नडतात.

सोबत तिसरा कागद स्थगितीचा. अपील दाखल झालं म्हणून आदेशाची अंमलबजावणी थांबत नाही. तोवर जमीन विकली गेली तर नवा खरेदीदार पक्षकार करावा लागतो आणि त्याची प्रामाणिक खरेदी हा आणखी एक वाद. गावाचे फेरफार 'आपली चावडी' संकेतस्थळावर नोटिशीच्या टप्प्यात असतानाच दिसतात. मुंबईत बसून आठवड्याला एकदा बघायला काही लागत नाही, हरकत मात्र मुदतीत लेखी द्यायची.

वकिलांचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. स्त्रिया, अनुसूचित जाती आणि अनुसूचित जमातींना उत्पन्नाची अट नाही.

सुनावणीत

आधी विलंबावर निर्णय, मग अपिलावर. विलंब माफ करण्यापूर्वी समोरच्याला नोटीस द्यावीच लागते, कारण मुदत संपल्यावर आदेश कायम राहील हा त्याचाही हक्क झालेला असतो. पहिल्याच तारखेला समोरच्याला न ऐकता विलंब माफ करून घेतला, तर तो वर टिकत नाही. घाईने मिळालेली ही मेहेरबानी पुढे दोन वर्षं खाते. तुम्ही समोरच्या बाजूला असाल तर याच मुद्द्यावर लेखी म्हणणं द्या: कोणती तारीख खोटी, अर्जदाराला आधीच कळल्याचा कोणता कागद, आणि विलंबाचा निकाल आधी स्वतंत्र व्हावा ही मागणी.

सुनावणी झाली नाही एवढं सांगून थांबू नका. झाली असती तर काय सांगितलं असतं, कोणता पुरावा दिला असता, तेही मांडा: जुन्या खंडाच्या पावत्या, गाव नमुना बाराचे पीकपाणी उतारे, कूळ म्हणवणारा प्रत्यक्षात मजुरीने होता किंवा घरचाच नातलग होता, जे असेल ते. नाहीतर अधिकारी विचारतो, परत पाठवून फरक काय पडणार?

प्रत्येक तारखेला रोजनाम्यात तुमची हजेरी लागली का ते बघूनच निघा. पहाटेची गाडी पकडून महाडला पोचायचं, 'साहेब मीटिंगला गेलेत' ऐकायचं आणि सही न करताच परतायचं. पुढे रोजनाम्यात तुम्ही गैरहजर. लेखी युक्तिवाद दिलात तर दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या.

एक गोष्ट या कार्यालयांत सर्रास होते. युक्तिवाद एका प्रांताने ऐकलेला, प्रकरण 'निकालासाठी बंद', मग त्यांची बदली, आणि सही नव्या साहेबांची. ज्याने ऐकलं त्यानेच निकाल द्यायचा, हे सर्वोच्च न्यायालयाने गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात १९५९ मध्येच सांगितलेलं आहे. बदलीची बातमी कळताच फेरसुनावणीचा लेखी अर्ज द्या. तो देऊनही निकाल आला तर वर जायला तोच तुमचा भक्कम मुद्दा. अर्ज न देता नंतर तक्रार केली तर धार जाते.

निकालानंतर

अपील मंजूर झालं तर बहुतेकदा प्रकरण फेरचौकशीसाठी तहसीलदारांकडे परत जातं. जमीन परत मिळाली असं समजून पेढे वाटू नका. तिथे सगळं पहिल्यापासून, पण या वेळी तुम्ही हजर. मुंबईचा पत्ता, मोबाइल क्रमांक आणि सगळ्या वारसांची नावं पहिल्याच तारखेला लेखी द्या.

विलंब माफीचा अर्ज फेटाळला किंवा अपील हरलात, तर कलम ७६खाली महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरणाकडे पुनरीक्षण, मुदत पुन्हा ६० दिवस. तिथे साक्षीपुरावा नव्याने तोलत नाहीत. आदेश कायद्याविरुद्ध आहे, कायद्याचा महत्त्वाचा मुद्दा ठरवलाच नाही, किंवा कार्यपद्धतीतल्या मोठ्या दोषामुळे अन्याय झाला, या तीनच कारणांवर ऐकतात. नोटीस आणि सुनावणीचा मुद्दा तिसऱ्यात बसतो, म्हणून तो खाली लेखी घेतलेला असायला हवा. न्यायाधिकरणाची एकाहून जास्त खंडपीठं आहेत. तुमचा जिल्हा कुठल्या खंडपीठाकडे ते आधी विचारा.

त्यापुढे संविधानाच्या अनुच्छेद २२७खाली उच्च न्यायालय. त्याला ठराविक दिवसांची मुदत लिहिलेली नाही, पण रेंगाळलात तर तिथेही हाच प्रश्न विचारतात. आणि जागेत एक बदल झालाय: १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची प्रकरणं उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात. लांजा किंवा कणकवलीच्या जमिनीसाठी फोर्टमधल्या वकिलांना वकीलपत्र देण्याआधी ते कोल्हापूरला उभे राहणार आहेत का, आणि त्याचे पैसे वेगळे किती, हे ठरवून घ्या. रायगड, ठाणे, पालघरवाल्यांना अजून सीएसएमटीला उतरून चालत जाता येतं.